जॅकेटात निघालेली सरकी

आमच्या अण्णांनी आयुष्यात कुठल्याही दुकानदाराचा शब्द खरा मानला नाही, आणि ते स्वतः सदतीस वर्षं दुकानात बसून गिऱ्हाइकांना शब्द देत आले. दाजीबानपेठेतल्या एका ठोक कापड दुकानात ते सेल्समन होते. आता त्रेसष्टाव्या वर्षीही अर्धा दिवस जातात, कारण त्यांच्या मते नवीन पोरांना टेरिकॉट आणि पोतेरं यातला फरक कळत नाही. नाव दत्तात्रय बगाडे. आम्ही मूळचे जतकडचे नामदेव शिंपी. आजोबांनी हुबळीत येऊन कमरीपेठेत शिलाईचं मशीन टाकलं. अण्णाही त्याच मशीनवर शिकले, पण पुढं त्यांनी मशीन सोडून गज धरला.

कापड ओळखायची त्यांची रीत एकच. कडेचा एक धागा ओढायचा, काडी लावायची आणि धूर नाकाशी धरायचा. कागद जळल्याचा वास आला तर सूत, केस जळल्याचा आला तर रेशीम नाहीतर लोकर, आणि धागा आकसून त्याची टणक गोळी झाली तर पॉलिस्टर. त्या गोळीला अण्णा ‘चोर’ म्हणतात. माझ्या चुलत बहिणीच्या, सोनालीच्या साखरपुड्यात त्यांनी वरपक्षानं आणलेल्या शालूचा धागा समईवर धरला होता. शालू अस्सल निघाला म्हणून बरं, नाहीतर ते लग्न त्या समईतच विझलं असतं.

मी अश्विनी, त्यांची एकुलती एक मुलगी. धारवाडच्या एका लॅबमध्ये लोकांचं रक्त तपासते. म्हणजे संशय घेणं हा आमच्या घरचा धंदाच म्हणायचा. फरक इतकाच, की मी संशय घेतल्यावर रिपोर्ट येईपर्यंत थांबते. अण्णांचा रिपोर्ट आधी तयार असतो.

आई या सगळ्यात पस्तीस वर्षं मराठी शाळेत मुलांना शिकवून गेल्या जूनमध्ये निवृत्त झाली. कुसुम बगाडे, बगाडेबाई. निवृत्त झाल्यावर बायका पापड लाटतात, भजनाला जातात. आईनं बूट आणले. तिच्या शाळेतल्या खेळाच्या बाई, सुलभाबाई, पहाटे स्कूटर घेऊन दारात येत आणि दोघी नृपतुंग बेट्ट चढायला जात. बेट्ट म्हणजे टेकडी. हुबळीत डोंगर म्हणायला तेवढंच आहे. अण्णा त्या वेळी झोपलेले असत. आईचं ‘फिरणं’ त्यांना माहीत होतं, पण फिरणं म्हणजे त्यांच्या लेखी चपला झिजवणं.

दिवाळी झाल्यावर एके दिवशी आईनं जेवताना सांगितलं, “डिसेंबरच्या शेवटी मी उत्तराखंडाला चाललेय. बर्फातला ट्रेक आहे. सहा दिवसांचा. सुलभाबाई धरून आम्ही नऊ जणी.”

अण्णांनी भाकरी तशीच धरून विचारलं, “ह्यात त्या सुलभाबाईला काय सुटतंय?”

“काही सुटत नाही. तीही पैसे भरूनच येतेय.”

“मग नक्कीच काहीतरी सुटतंय,” अण्णा म्हणाले.

ट्रेकवाल्यांनी सामानाची यादी पाठवली होती. आईनं ती मोठ्यानं वाचली. बुटांना चांगली पकड हवी. अंगावर तीन थर हवेत: आत घाम शोषून बाहेर टाकणारा, मध्ये लोकरीसारखा, वर वारं अडवणारं भरीव जॅकेट. आणि खाली ठळक अक्षरांत लिहिलं होतं, सुती कपडे आणू नयेत.

अण्णांनी यादी हातात घेतली, चष्मा वर केला. “सुती नको? अगं, जगात सुतापेक्षा चांगलं काय हाय? सुती नको म्हणणारा माणूस पॉलिस्टरचा एजंट हाय, लिहून घे.”

आईनं लिहून घेतलं नाही. तिनं फक्त मला म्हटलं, “रविवारी जॅकेट बघायला जाऊ. मला महागडं नको. सहा दिवसांसाठी पेन्शन उडवायची नाही.”

अण्णांना कुणी बोलावलं नव्हतं. पण कापड घ्यायचं आणि ते नाहीत, असं आमच्या घरी कधी झालेलं नाही. रविवारी ते खिशात काडेपेटी टाकून तयार होते.

पहिलं दुकान कोप्पीकर रोडवरचं. सेल्समननं एक निळं जॅकेट टेबलावर टाकलं आणि म्हणाला, “मायनस टेनला चालतंय, अंकल.”

“मायनस टेन तू बघितलायस काय?”

“नाही.”

“तुझ्या मालकानं?”

त्यानं चेन वरखाली करून दाखवली. अण्णांनी जॅकेट दोन्ही तळहातांवर घेऊन वरखाली केलं. सुताचा तागा ते असाच तोलत. मग आमच्याकडं वळून कन्नडमध्येच म्हणाले, “एनू इल्ल इदराग.” ह्यात काहीच नाही. सेल्समन सांगायला लागला की आत पॉलिस्टरचं फायबर आहे, हलकं असतं म्हणूनच चढताना बरं पडतं. पॉलिस्टर हा शब्द कानावर पडताच अण्णांचा हात खिशाकडं गेला. मी त्यांचा दंड धरून बाहेर आणलं नसतं तर आम्ही सगळे पोलिसात गेलो असतो.

दुसरं दुकान गोकुळ रोडवरचं, मोठं, काचेचं. तिथलं जॅकेट आईला मनापासून आवडलं, पण किंमत बघून तिनं ते परत लटकवलं. अण्णांनी आतलं लेबल वाचलं. चार भाषांत धुवायच्या सूचना होत्या. “चांगल्या कापडाला एवढी पत्रं लिहावी लागत नाहीत,” असं म्हणून तेही बाहेर पडले.

तिसरं दुकान म्हणजे दुकान नव्हे, मंडप. दर हिवाळ्यात मुंडगोडच्या वसाहतीतले तिबेटी लोक हुबळीत स्वेटर-जॅकेटं घेऊन बसतात. तिथल्या एका बाईकडं आईनं मरून रंगाचं जॅकेट उचललं. मग तिनं जे केलं ते मी बघतच राहिले. तिनं पिशवीतून आपला जाड स्वेटर काढून घातला आणि त्यावर जॅकेट चढवलं. दोन्ही हात डोक्यावर नेऊन बघितलं, कंबर उघडी पडते का. उकिडवी बसली. टोपी ओढून मान दोन्हीकडं वळवली. चेनच्या आतून कापडाची पट्टी आहे का ते बोटानं चाचपलं, मनगटाचं इलॅस्टिक ओढून सोडलं, आणि शेवटी जॅकेट गुंडाळून त्याची पावाएवढी गुंडाळी होते का ते बघितलं. शाळेतल्या मुलांची दप्तरं तपासणारी बाई ती, तिच्या नजरेतून काय सुटणार?

अण्णा जॅकेट तोलत होते. तिबेटी बाई हसून म्हणाली, “अण्णा, तूक नोडब्याड्री, बेच्चग नोड्री.” वजन बघू नका, ऊब बघा. हुबळीकरणीसारखं तिचं कन्नड ऐकून अण्णांचा संशय आणखी वाढला. पण आईनं तोवर पैसे दिले होते. किंमत तिच्या बेतात बसली होती.

घरी येईपर्यंत अण्णा एक अक्षर बोलले नाहीत. तिथंच मला शंका यायला हवी होती. अण्णा बोलतात तोवर काळजी नसते.

दोन दिवसांनी जॅकेट कपाटातून गायब झालं. अण्णा म्हणाले, “चेनचा रनर ढिला होता. बदलायला दिलाय.” चौथ्या दिवशी जॅकेट परत आलं. मी हातात घेतलं तर मला ते जड वाटलं.

“रनर पितळी बसवलाय,” अण्णा म्हणाले.

“पितळी रनरनं एवढं वजन वाढतं?”

“तू रक्त तपास. कापडातलं तुला काय कळतंय?”

जॅकेटाला आणखी एक गोष्ट झाली होती. त्याला सुक्या मिरचीचा वास मारत होता. कपाट उघडलं की आई शिंकायची. चेन बदलून देणारा मिरच्या विकतो का, असं मी विचारलं तर अण्णा पेपरात तोंड घालून बसले. मला वाटलं, स्वस्तातला कारागीर गाठला असेल कुठंतरी मिरची बाजारात. माणूस आपलाच म्हटल्यावर संशय पुरा करायला मन धजत नाही.

शेवटी आईच वैतागली. निघायला बारा दिवस होते. रविवारी सकाळी तिनं बादलीत साबणाचं पाणी केलं आणि जॅकेट बुडवलं. अर्ध्या तासानं ते बाहेर काढायला गेली आणि तिनं मला हाक मारली.

“अश्विनी, हे उचल गं जरा.”

मला एका हातानं ते उचलेना. दोघींनी धरून पिळलं तरी पाणी संपेना. वाळत घातलं तर दोरी खाली आली, आणि जॅकेटाच्या पाठीतलं सगळं भरण खाली सरकून कमरेशी त्याची गुंडाळी झाली. संध्याकाळपर्यंत पाणी ठिबकत होतं. दुसऱ्या दिवशी ठिबकायचं थांबलं, पण हात लावला की बर्फ. तिसऱ्या दिवशीही तेच. त्या तिबेटी बाईनं सांगितलं होतं, धुतलं तर दुपारपर्यंत वाळतं.

आईनं कात्री आणली आणि आतल्या अस्तराची शिवण उसवली. पांढरा, ओला, दाट कापूस. तिनं चिमटीनं ओढला तर त्यातून एक काळी सरकी बाहेर पडली. कापसाचं बी. कारखान्यातल्या जॅकेटात सरकी कुठून येणार?

मी काही बोलणार तोच आईनं उसवलेल्या शिवणीवर बोट ठेवलं. “हा टाका बघ. दोन पुढं, एक मागं. हा ह्यांचा टाका आहे.”

अण्णा अकरा वाजता दुकानाला जायला निघाले होते. आईनं ओलं जॅकेट त्यांच्यासमोर टेबलावर ठेवलं आणि त्यावर सरकी ठेवली. अण्णांनी आधी सरकीकडंच बघितलं. “नदाफला सांगितलं होतं, दोनदा पिंजून घे म्हणून,” ते म्हणाले. नदाफ म्हणजे आमच्या गल्लीच्या तोंडाशी गाद्या भरून देणारा. म्हणजे माझ्या आईचं हिमालयात जायचं जॅकेट गादीवाल्याकडं जाऊन आलं होतं.

मग अण्णांनी सगळं सांगितलं, आणि तेही लाजत नाही, मिरवत. आत प्लॅस्टिकची लव भरली होती. नुसता भुसा. फसवणूक. म्हणून त्यांनी ती काढून टाकली आणि कुंदगोळहून मुद्दाम जयधर कापूस मागवला. जयधर आता कुणी फारसं पेरत नाही, ओळखीनं मिळवावा लागतो. नदाफानं भरून दिला आणि शिवण अण्णांनी स्वतः आजोबांच्या मशीनशेजारी बसून हातानं घातली. “ही ऊब तुला मायनस वीसला पुरेल,” ते म्हणाले. काढलेली लव एका पिशवीत गाठ मारून ठेवलेली होती. पुरावा म्हणून.

“पुरावा कुणाविरुद्ध?” आईनं विचारलं.

अण्णांनी पिशवीची गाठ आणखी आवळली.

आई आत गेली आणि ती यादी घेऊन आली. चष्मा लावून तिनं शेवटची ओळ वाचली, शाळेत शुद्धलेखन सांगावं तशी सावकाश. सुती कपडे आणू नयेत. मग म्हणाली, “ही ओळ तुम्ही वाचली होतीत. वाचून केलंत.”

“ते एजंट लोक—”

“चढताना घाम येतो. कापूस तो धरून ठेवतो. वर गेल्यावर वारं सुटतं आणि अंगावरचा ओला कापूस गोठतो. सुलभाबाईनं मला तीनदा सांगितलंय. तुम्हाला मीही सांगितलं होतं.” ती थांबली. “तुम्हाला मी जायला नको होतं. तसं तोंडानं म्हणायचं होतंत. मी ऐकलं नसतं, पण म्हणायचं तरी होतंत. हे असं चोरून करायचं?”

मी अण्णांकडं बघत होते. मला वाटलं, आता आवाज चढेल, काडेपेटी निघेल. पण ते नुसते उभे राहिले. सगळ्या दुनियेकडं पुरावा मागणाऱ्या माणसाकडं स्वतःसाठी दाखवायला काही नव्हतं. त्यांनी पिशवी उचलली, परत ठेवली, चपला घातल्या आणि गेले.

खरं सांगायचं तर मला त्यांची दया आली नाही. चीड आली. आणि चिडीच्या खाली भीती होती. आईनं ते धुतलं नसतं तर? साडेबारा हजार फुटांवर ती ते जॅकेट घालून घामेजली असती, आणि आसपास घरचं माणूस कुणी नसतं. मी मनातल्या मनात त्यांच्यावर आरोपपत्र लिहिलं. त्यांनी पहिल्या दिवसापासून सुलभाबाईवर संशय घेतला होता. यादीवर घेतला होता. जॅकेट लपवून नेलं. पितळी रनरची थाप मारली. माझ्या लॅबमध्ये एवढ्या खुणा जमल्या असत्या तर मी रिपोर्टवर सही करून मोकळी झाले असते.

पुढचे दोन दिवस घरात तिघं माणसं होती आणि बोलत होतो आम्ही दोघीच. अण्णांना चहा हवा असला की ते मला सांगत, आणि आई तो न बोलता ठेवी. तिसऱ्या दिवशी आईला फोनवर बोलताना ऐकलं. “बघते सुलभाबाई. मन लागत नाही हो. असं घर विस्कटून कशाला जायचं? माझी जागा कुणाला द्यायची असली तर द्या.”

मी तिच्या हातातून फोन ओढून घेतला आणि सुलभाबाईंना सांगितलं, जागा कुणाला देऊ नका. पण आईनं बूट खाटेखाली ढकलले होते, ते मी बघितलं.

त्याच संध्याकाळी प्रभंजनकाका आले. हे अण्णांचे शाळेपासूनचे मित्र. अमरगोळच्या मार्केट यार्डाजवळ मिरच्या साठवायचं एक शीतगृह आहे, तिथं ते सुपरवायझर. दारातूनच म्हणाले, “वहिनी, ही घ्या ब्याडगी. अर्धा किलो. आणि आमच्या शूर शिपायाची सर्दी बरी झाली का?”

“कसली सर्दी?” आई म्हणाली.

“सांगितलं नाही काय ह्यानं?” काकांनी खुर्ची ओढली. “अहो, मागं एका बुधवारी हा एक मरून जॅकेट घालून आमच्या शीतगृहात आला. म्हणाला, आत सोड. आत सहा डिग्री. मी म्हटलं, बगाडे, तुझं वय काय, अक्कल काय? ऐकंना. खुर्ची मागून घेतली आणि मिरचीच्या पोत्यांच्या मध्ये अर्धा तास बसला. मी दर पाच मिनिटांनी दार उघडून बघतोय, हाय का गेला. बाहेर आला तर कपाळावर घाम! वर मला म्हणतोय, ‘प्रभंजन, हिला ऊब म्हणतात. आता जाऊ दे तिला कुठं जायचं तिथं. मी निवांत झोपतो.’”

काका एकटेच हसले. मिरचीच्या वासाचा उलगडा झाला होता आणि माझं आरोपपत्रही गळून पडलं होतं. अण्णा खाटेवर बसून पायाच्या अंगठ्याकडं बघत होते. चोरी सापडली तेव्हा ते लाजले नव्हते, आता कानापर्यंत लाल झाले.

काका चहा घेऊन गेले. आई अण्णांच्या समोर स्टूल घेऊन बसली. तीन दिवसांनी पहिल्यांदा ती त्यांच्याशी थेट बोलत होती.

“अर्धा तास आत काय करत होता?”

“बसलो होतो.”

“नुसते?”

“मग काय करायचं? थंडीत माणूस बसतंच की. शाल घेऊन बसतंय.”

“हाललात? उठून चार पावलं टाकलीत?”

“हलायचं कशाला?”

आईनं स्टूल आणखी जवळ ओढलं. “मी तिथं जाऊन काय करणार, असं वाटलं तुम्हाला?”

अण्णांनी खरोखर विचार केला. ते मला त्यांच्या तोंडावर दिसत होतं. हा प्रश्न त्यांनी स्वतःला कधी विचारलाच नव्हता. मग अगदी साधेपणानं म्हणाले, “बसशील की कुठंतरी. तंबूत. बाकीच्या वर जाऊन येतील. तू बसशील, डबे सांभाळशील. एका जागी बसलं की थंडी जास्त वाजती, म्हणून म्हटलं जाड असू दे.”

मी इतके दिवस त्यांच्यावर नसती चोरी लादत होते. त्यांनी कपट केलं नव्हतं. त्यांच्या डोळ्यांसमोर बर्फ होता, वारं होतं, तंबू होता, आणि त्यात आई होती, पण बसलेली. मला ते कपटापेक्षा जास्त लागलं. आईला किती लागलं असेल, मला सांगता येणार नाही.

“मी चालायला चाललेय हो,” आई म्हणाली. “दिवसाला सहा तास. चढ.”

आई उठून स्वयंपाकाला लागली. थोड्या वेळानं अण्णांनी पुराव्याची पिशवी सोडली आणि त्यातली लव बोटांनी विंचरायला बसले.

दुसऱ्या दिवशी ते दुकानाला गेले नाहीत. नदाफालाही बोलावलं नाही. जॅकेटाचा कप्पा न् कप्पा उसवून त्यांनी सगळा कापूस काढला, कापड धुतलं, आणि दोन तासांत ते वाळलेलं बघून दोनदा हात लावून खात्री केली. मग ज्या कापडाला त्यांनी जन्मभर चोर म्हटलं, त्याची लव एकेका कप्प्यात सारखी पसरून भरली. शिवण आजोबांच्या मशीनवर घातली. दुपारी आई तिथून जाताना म्हणाली, “खांद्यात थोडी जास्त ठेवा, पिशवीचे बंद येतात तिथं.” अण्णांनी मान हलवली आणि खांदा पुन्हा उसवला. एवढंच बोलणं झालं. संध्याकाळी आईनं खाटेखालून बूट काढून पुसले.

पण आई आता त्यांच्या शब्दावर कशी जाणार? ती म्हणाली, “उद्या घालून बेट्ट चढते. घाम आला तर कळेल.”

“मी येतो,” अण्णा म्हणाले. “शिवण बघितली पाहिजे.”

पहाटे आम्ही तिघं नृपतुंग बेट्टाच्या पायथ्याशी उतरलो. उणकल तळ्याच्या बाजूला धुकं होतं. अण्णांनी मफलर गुंडाळला होता. ते म्हणाले, “तू पुढं हो, मी मागून बघतो.” आई पुढं झाली. मरून जॅकेट, पाठीवर पाण्याच्या बाटल्या भरलेली पिशवी, आणि ते बूट. पहिल्या वळणापर्यंत अण्णा तिच्या मागोमाग होते, नजर तिच्या खांद्यावरच्या शिवणीवर. दुसऱ्या वळणावर त्यांच्यात आणि तिच्यात वीसेक पावलं पडली. तिसऱ्या वळणावर त्यांना दम लागला आणि ते रस्त्याकडेच्या कठड्यावर बसले.

आईनं मागं वळून बघितलं. मला वाटलं, येईल आता पाणी घेऊन. ती तिथूनच म्हणाली, “बसा तुम्ही. उतरताना घेऊन जाते.” आणि चालू लागली.

मी अण्णांजवळ बसले. ते धापा टाकत वर बघत होते. आई एका लयीत चढत होती, हात मोकळे, मान सरळ. फिरायला आलेल्या दोन बाप्यांना तिनं मागं टाकलं.

“ही रोज एवढ्या जोरात चालती?”

“रोज.”

“कधीपासून?”

पुढच्या वळणावर ती दिसेनाशी झाली तेव्हा ते कठड्यावरून उठले आणि मान उंच करून बघायला लागले.

“लग्न झाल्यापासून बाजारात जाताना मी पुढं आणि ती मागं,” ते म्हणाले. “मला वाटायचं, तिला हळूहळूच चालायला जमतं.”